धातू आणि काळ

धनत्रयोदशीला काही ना काही धातू घरात आणावा असा आपल्याकडे रिवाज आहे. ज्याला झेपेल त्याने सोने आणावे, त्याखालच्याने चांदीचे नाणे, त्याखालच्याने तांब्यापितळेचे भांडे, आणि मराठीच्या प्राध्यापकाने स्टीलची एक पळी आणून सोन्याच्या भावावर सविस्तर मतप्रदर्शन करावे, अशी श्रेणी आमच्या गल्लीत ठरून गेलेली आहे. यंदाही मी पळीच आणणार आहे. पण दुकानात मिळत असता तर एक धातू मात्र मी कर्ज काढून घेतला असता. तो सराफाकडे नाही, तांबटाकडे नाही. तो मला भेटला एका वहीत.

आमच्या पाथरीच्या कॉलेजातली मुले वार्षिक अंकासाठी कथा देतात आणि त्या वाचण्याचे काम मराठीचा म्हणून माझ्याकडे येते. बहुतेक कथांत पाऊस पडतो आणि प्रेमभंग होतो. यंदा दुसऱ्या वर्षातल्या एका मुलाच्या कथेत मात्र दोन्ही नव्हते. उन्हाळ्यात गोदावरीचे पाणी ओसरल्यावर त्याच्या नायकाला वाळूत एक काळसर खडा सापडतो. आकाराने चिंचोक्याएवढा, वजनाने पाटावरवंट्यासारखा. या धातूला मुलाने नाव दिले होते काळलोह. तो मुठीत आवळून धरला की काळ वाकतो; लोहाराच्या ऐरणीवर तापलेली पात वाकते तसा. मागचा दिवस पुढे येतो. मात्र धातू एकदा वापरला की झिजून संपतो. म्हणजे जे मागायचे ते एकदाच, आणि विचार करून.

कल्पना मला आवडली. आपल्या जुन्या गोष्टींतून परीस आहे, पण परसाने लोखंडाचे सोने होते, कालचा आज होत नाही. आमच्या पूर्वजांना सोन्याची टंचाई वाटली, वेळेची वाटली नाही, एवढाच याचा अर्थ. मी ती वही स्टाफरूममध्ये नेली आणि सहज विचारले, की गुंजभर काळलोह मिळाला तर कोण काय करील? एकाने सांगितले की वीस वर्षांपूर्वीचा परभणीतला एक प्लॉट घेईन. दुसऱ्यांनी बदलीचा एक अर्ज मागे घेतला असता. तिसरे बराच वेळ गप्प बसले आणि म्हणाले, "बायकोसमोर सांगण्यासारखे नाही." त्या मुलाच्या नायकाने काय केले ते मी पुढे सांगणार आहे. आधी आमच्या भौतिकशास्त्राच्या सरांचा आक्षेप ऐका.

"असा धातू आवर्तसारणीत नाही," ते म्हणाले. "गोष्टीला गुण द्या हवे तर, पण विज्ञानाला शून्य."

त्यांचे म्हणणे खरे होते. पण माझ्या मनात आले, धातूने काळ वाकवला नसेल. धातूवाचून आपल्याला काळ कळला तरी असता का?

आपल्या भाषेलाच विचारून पाहा. आपण 'घटकाभर बसा' म्हणतो, 'पळभर थांबा' म्हणतो, 'घटका भरली' म्हणतो. ही घटका भरते कुठे? तांब्याच्या वाटीत. बुडाला बारीक छिद्र असलेली तांब्याची वाटी स्वच्छ पाण्याच्या घंगाळात तरंगत सोडायची. छिद्रातून पाणी आत चढते, वाटी भरते आणि टप्कन बुडते. दिवस-रात्रीत ती साठ वेळा बुडावी इतके छिद्र अचूक हवे, असे सूर्यसिद्धान्तासारखे जुने ज्योतिषग्रंथ सांगतात. एक बुडी म्हणजे एक घटका, आपल्या घड्याळाची चोवीस मिनिटे. घटकेचा साठावा भाग पळ, म्हणजे चोवीस सेकंद. लग्नात मुहूर्तावर हे घटिपात्र मांडण्याची चाल आपल्या आजी-आजोबांनी पाहिलेली असेल. घटका भरणे हा वाक्प्रचार झाला तो नंतर; त्याआधी ते डोळ्यांना दिसत असे, आणि बुडताना ऐकूही येत असे.

तासाचेही तसेच. फारसीत 'तास' म्हणजे वाटी, भांडे. आपल्याकडे तो शब्द ठोके द्यायच्या काशाच्या थाळीला लागला, मग थाळीवरच्या ठोक्याला, आणि शेवटी दोन ठोक्यांमधल्या अवधीला. मुले मला "सर, पुढचा तास आहे का?" असे विचारतात तेव्हा ती मुळात एका थाळीची चौकशी करीत असतात. मराठी माणसाने वेळ मोजायला तांबे घेतले, सांगायला कासे घेतले, आणि नंतर भांडी विसरून नावे तेवढी ठेवली.

हे मी सरांना ऐकवले तेव्हा त्यांचा चेहरा खुलला. "मग तुमच्या तांब्याचा आजचा वारस ऐका," म्हणाले, आणि त्यांनी मला सीझियमची हकीकत सांगितली.

सीझियम हा सोन्यासारखी पिवळसर झाक असलेला मऊ धातू. बुन्सेन आणि किर्खहोफ या दोघा जर्मन शास्त्रज्ञांनी तो 1860 साली एका खनिज झऱ्याच्या पाण्यात शोधला. तोही डोळ्यांनी दिसला नाही, त्याच्या प्रकाशातल्या दोन निळ्या रेघा तेवढ्या दिसल्या. त्या रेघांवरून लॅटिन भाषेतल्या आकाशी रंगाच्या शब्दावर त्याचे नाव पडले. हा धातू सुमारे साडेअठ्ठावीस अंशांना वितळतो. म्हणजे आमच्याकडच्या वैशाखात त्याचा दागिना केला तर घराबाहेर पडण्याआधीच पाझरेल. पाण्याचा स्पर्श झाला तर स्फोट होतो, म्हणून गोदावरीच्या वाळूत तो सापडण्याची आशा नाही. असा हा नाजूक आणि तापट धातू. पण साऱ्या जगाचा सेकंद त्याच्या हाती आहे. 1955 साली इंग्लंडमध्ये लुई एसेन आणि जॅक पॅरी यांनी सीझियमवर चालणारे पहिले भरवशाचे घड्याळ उभे केले, आणि 1967 पासून सेकंदाची व्याख्याच त्याच्या अणूवर बेतली गेली. या अणूशी जुळणाऱ्या एका ठरावीक लहरीची 9,19,26,31,770 आंदोलने झाली की एक सेकंद. आपली भारतीय प्रमाणवेळ दिल्लीची राष्ट्रीय भौतिक प्रयोगशाळा राखते, तीही अशाच अणुघड्याळांच्या आधाराने. घटिपात्र दिवसाला साठ वेळा बुडायचे. हे एका सेकंदात नऊशे कोटींवर बुड्या मारते, एवढाच फरक.

"आणि काळ वाकतो," सर म्हणाले. "धातू वाकवीत नाही, पण वाकतो हे धातूनेच पकडून दिले."

1971 च्या ऑक्टोबरात हाफेल आणि कीटिंग हे दोन अमेरिकन शास्त्रज्ञ सीझियमची चार घड्याळे घेऊन चक्क प्रवासी विमानांत बसले. एकदा पूर्वेकडून पृथ्वीप्रदक्षिणा केली, एकदा पश्चिमेकडून. परत येऊन घरच्या घड्याळांशी ताळा पाहिला, तर पूर्वेकडून गेलेली घड्याळे सेकंदाच्या 59 अब्जांशांनी मागे पडलेली, पश्चिमेकडून गेलेली 273 अब्जांशांनी पुढे. घड्याळे बिघडलेली नव्हती. आइन्स्टाइनने 1905 आणि 1915 साली जे कागदावर लिहिले होते तेच विमानात घडले होते: वेगाने जाणाऱ्याचा काळ मंद होतो, आणि पृथ्वीच्या ओढीपासून जितके वर जावे तितका तो जलद चालतो. तुमच्या फोनमधला नकाशा ज्या जीपीएस उपग्रहांवर विसंबून असतो त्यांची घड्याळे या दोन्ही परिणामांच्या बेरीज-वजाबाकीने रोज सुमारे 38 मायक्रोसेकंद पुढे धावतात. हा फरक आधीच हिशेबात धरलेला असतो. तो धरला नाही तर दिवसाला दहाएक किलोमीटरची चूक साचेल, आणि मानवतहून पाथरीला निघालेला पाहुणा कुणाच्या तरी कपाशीत जाऊन उभा राहील.

तेव्हा काळ वाकतो, याला आता धातूची साक्ष आहे. पण किती वाकतो? पापणी लवायला लागणाऱ्या वेळेच्या लाखो हिश्शांपैकी एक हिस्सा. एवढ्याशा वाकण्यात कुणाचे काय भागणार? माणसाला वाकलेला काळ हवा असतो तो निदान एका संध्याकाळीएवढा.

इथे मला माझ्या गावाकडे वळणे भाग आहे. पाथरी म्हटले की हल्लीच्या वाचकाला साईबाबांच्या जन्मस्थानाचा वाद आठवतो. 2020 च्या जानेवारीत त्यावरून शिर्डीने बंद पाळला होता. त्या वादात मी पडत नाही. पण ज्यांच्याबद्दल वाद नाही, आणि म्हणूनच की काय चर्चाही नाही, अशी दोन माणसे या गावाची आहेत. गोदेकाठच्या या गावाचे जुने नाव पार्थपूर. तिथे ज्ञानराज नावाचा ज्योतिषी राहत असे. त्याने 1503 साली 'सिद्धान्तसुंदर' हा संस्कृत ग्रंथ रचला. त्यात ग्रहांचे गणित आहे, ग्रहणे आहेत, वेळ मोजायची यंत्रे आहेत, आणि या सगळ्याच्या मध्ये सहा ऋतूंचे श्लेषांनी भरलेले काव्यही आहे. गणिताच्या ग्रंथात वसंत-वर्षा कशाला, असे त्याला वाटले नाही. ज्याला काळ मोजायचा त्याला तो दिसायलाही हवा, असेच त्याला वाटले असेल. या घराण्याची नोंद शंकर बाळकृष्ण दीक्षितांनी आपल्या भारतीय ज्योतिषशास्त्राच्या 1896 सालच्या इतिहासात घेतली. पुढे 2014 साली टोके नुडसेन यांनी केलेला त्या ग्रंथाचा इंग्रजी अनुवाद अमेरिकेत छापला गेला. पाथरीचा माणूस बाल्टिमोरला छापला जातो आणि पाथरीत माझ्या वर्गातल्या चाळीस मुलांपैकी एकालाही त्याचे नाव ठाऊक नसते.

ज्ञानराजाचा मुलगा सूर्यदास, ज्याला सूर्यपंडितही म्हणतात. त्याने भास्कराचार्यांच्या बीजगणितावर 1538 साली टीका लिहिली, 'लीलावती'वरही लिहिली. एवढ्यावर तो थांबता तर गणिताचा पंडित म्हणून संपला असता. पण त्याने 'रामकृष्णविलोमकाव्य' लिहिले. श्लोक चाळीसही नाहीत. पण प्रत्येक ओळ डावीकडून वाचावी तर रामाची कथा, आणि तीच ओळ शेवटच्या अक्षरापासून उलट वाचत यावे तर कृष्णाची. आपण शाळेत 'रामाला भाला मारा' आणि 'तो कवी डालडा विकतो' यावर खूश होतो. त्यात उलटे वाचून पुन्हा तेच मिळते. सूर्यपंडिताच्या ओळीत उलटे वाचले की दुसरेच मिळते, आणि तेही अर्थासकट. शिवाय एक गंमत पाहा. राम त्रेतायुगातला, कृष्ण द्वापरातला. म्हणजे या काव्यात मागे वाचत गेले की युग पुढे सरकते. ज्याच्या घरी पिढ्यान्पिढ्या काळाचे गणित चालत होते, त्याने काळ वाकवायला तांबे-कासे वापरले नाही, अक्षरे वापरली.

आणि हे चालले होते केव्हा? तर या गावावरून लढाया होत होत्या तेव्हा. अहमदनगरच्या निजामशहांचे पूर्वज मूळचे पाथरीचे ब्राह्मण, असे फरिश्ता हा इतिहासकार सांगतो. दुसरा निजामशहा बुऱ्हाण याला पूर्वजांचे गाव हवे होते. वऱ्हाडच्या इमादशहाकडे त्याने ते मागितले, बदल्यात दुसरा मुलूख देऊ केला. नकार आला तेव्हा 1518 च्या सुमारास फौज पाठवून ते घेतले. गाव मिळाले. पूर्वज ज्या पाथरीत राहत होते ती पाथरी मात्र कुठल्याही फौजेला मिळण्यासारखी नव्हती.

अक्षरांची ही उलटापालट आमच्या काळापर्यंत आली, तीही एका गणितज्ञाच्याच हातून. 1974 साली मराठी विज्ञान परिषदेच्या कथास्पर्धेत 'कृष्णविवर' या कथेला पहिले बक्षीस मिळाले. विषय असा, की कृष्णविवराजवळ जाऊन येणाऱ्याचा काळ मंद होतो आणि घरच्यांचा पुढे निघून जातो. लेखकाचे नाव होते नारायण विनायक जगताप. हे जगताप कोण, तर त्यांची आद्याक्षरे उलटी वाचा: ज. वि. ना. जयंत विष्णु नारळीकरांनी स्वतःचेच नाव विलोम करून पाकिटात घातले होते! पुढे 2021 साली नाशिकच्या साहित्य संमेलनाचे ते अध्यक्ष झाले, आणि 2025 च्या मे महिन्यात गेले. सूर्यपंडिताची त्यांना आठवण झाली होती की नाही, हे विचारायला आता काळलोहच हवे.

आता त्या मुलाची कथा. त्याच्या नायकाने प्लॉट घेतला नाही, अर्ज मागे घेतला नाही. त्याने तीन वर्षांपूर्वीची एक संध्याकाळ मागितली. ओट्यावर बाबा बसले आहेत. आई भाकरी टाकते आहे. बाबा विचारतात, "पेपर कसा गेला रे?" तो म्हणतो, "बरा गेला." मग दोघे जेवतात. जेवताना वांग्याच्या भाजीत मीठ जास्त झाले आहे असे बाबा म्हणतात आणि तरी पुन्हा वाढून घेतात. मग ते हात धुतात, खुंटीवरचा टॉवेल खांद्यावर टाकतात, शेताकडे एक चक्कर टाकून येतो म्हणून पायरी उतरतात. नायकाच्या मुठीत अजून चिमूटभर धातू शिल्लक असतो. त्याला अडवता आले असते. पण काळलोहाने मागचे पाहता येते, बदलता येत नाही, असा नियम मुलाने आपल्या कथेत आधीच घालून ठेवलेला होता. दारातून वळून बाबा म्हणतात, "आलोच." कथा इथे संपते.

मुलाचे वडील तीन वर्षांपूर्वी गेले, एवढे मला ठाऊक होते. कसे गेले ते मी विचारले नाही. आमच्या भागात ते विचारीत नाहीत.

विज्ञानाला किती गुण द्यायचे ते सर ठरवोत. मी त्या शेवटच्या शब्दावर बराच वेळ अडून बसलो. कारण मराठीच्या तासाला धातू म्हणजे लोखंड नव्हे, सीझियमही नव्हे. प्रत्यय लागण्याआधीचे क्रियापदाचे मूळ रूप म्हणजे धातू. ये, जा, बस, खा. या धातूला प्रत्यय लावला की काळ होतो: येतो, आला, येईल. शाळेतल्या व्याकरणात एवढे सरळ असते. घरातले व्याकरण वेगळे. बायको आतून हाक मारते, "अहो, येताय ना?" आणि आपण अंथरुणातून उत्तर देतो, "हा काय, आलोच!" रूप भूतकाळाचे, प्रत्यक्षात अजून पाय जमिनीला लागलेला नाही. जे व्हायचे आहे ते होऊन गेले असे सांगून आपण समोरच्याचा जीव थाऱ्यावर आणतो. उलट, गेलेल्या माणसाबद्दल बोलताना 'बाबा संध्याकाळी ओट्यावर बसत' असे म्हणतो. व्याकरणात याला रीतिभूतकाळ म्हणतात. नुसता भूतकाळ एकदाच घडतो आणि मिटतो. 'बाबा बसले' म्हटले की ते उठणारच. रीतिभूतकाळात माणूस रोज येतो, रोज बसतो.

त्या मुलाने सबंध संध्याकाळ वर्तमानकाळात लिहिली होती. 'बाबा बसले आहेत.' 'आई भाकरी टाकते आहे.' आधीच्या पानावर कथा भूतकाळात चालली होती आणि मूठ आवळताच काळ बदलला होता. काळाची एकवाक्यता नाही, असा शेरा मारण्याची आम्हा मराठीच्या मास्तरांना सवय असते. लाल पेन हातातच होते. मी ते टोपण लावून ठेवले. आणि शेवटचे 'आलोच' पुन्हा वाचले. भूतकाळाचे रूप, भविष्याचा शब्द, आणि वाचणाऱ्याला तो दर वेळी आताच ऐकू येतो. तीन काळ एका धातूत वाकवलेले. आणि तेही घरातल्या साध्या बोलण्यातून, कुठे शोधायला न जाता. गोदावरीच्या वाळूतले काळलोह खोटे असेल, पण हा धातू त्या मुलाच्या घरातलाच होता. त्याच्या वडिलांनीच तो त्याला दिला होता.

सरांनी कथा पुन्हा वाचली आणि विज्ञानाच्या रकान्यात एक आडवी रेघ ओढून वही माझ्याकडे सरकवली. कथा अंकात जात आहे. मी त्या मुलाला बोलावून सूर्यपंडिताबद्दल सांगितले. तो म्हणाला, "सर, म्हणजे हे आपल्याच गावात होते?" होते, म्हटले. पुढल्या सत्रात त्या काव्याच्या चार ओळी वर्गात सरळ आणि उलट वाचून दाखवायचे ठरवले आहे. संस्कृत सगळ्यांना कळेल असे नाही, पण आपल्या गावाच्या मातीत हा उद्योग पाचशे वर्षांपूर्वी चालत होता एवढे कळले तरी पुष्कळ झाले.

तुमच्याकडे धनत्रयोदशीला जो धातू आणायचा तो आणाच. घरात आजोबांच्या वेळचे एखादे घंगाळ माळ्यावर असेल तर तेही खाली काढून चिंचेने घासा आणि मुलांना विचारा, घटका भरते म्हणजे काय. आणि भाऊबीज झाली की पाहुणे निघतील. पिशव्यांत फराळाचे डबे भरले जातील, रिक्षा दाराशी येईल. निघताना कुणीही 'जातो' म्हणणार नाही. जाणारा माणूस 'येतो' म्हणतो, अशी आपली भाषा आहे. घाईत असलात तरी तो शब्द नीट ऐका, आणि दाराशी जाऊन 'या' म्हणा.